घाबरत लिहिणारी नीमा

नीमा घरात आली की आधी कडी लावायची, मग चपला काढायची. कडी लावल्यावर दार एकदा आतून ओढून बघायची, दोन पावलं पुढे जायची, परत यायची आणि पुन्हा ओढून बघायची. आमच्या आयला सुरुवातीला याचा राग आला. "आपल्या घरात काय चोर शिरतात असं वाटतं हिला?" ती मला म्हणाली. महिन्याभरात मात्र आयच बाजारातून आली की बाहेरून ओरडायला लागली, "नीमा, मी हाय गो, मी! कडी काढ."

अंधेरी पूर्वेला, मेट्रोच्या खांबांच्या मागे आमचं गावठाण आहे. रस्त्यावरून नुसते टॉवर दिसतात. मधल्या बोळात शिरलं की क्रूस, पिठाची चक्की आणि एकमेकांना खेटून उभी असलेली पंधरा-वीस घरं. आम्ही इथले मूळचे. ख्रिस्ती, पण घरात मराठीच. डॅडी गेल्यावर आय आणि मी अशा दोघीच उरलो. मी जवळच्या एका शाळेत इंग्रजी शिकवते. मागची खोली रिकामी होती, आणि माझ्या ओळखीच्या एका प्राध्यापिकेचा फोन आला की तिच्याकडे एम.ए.ला एक परदेशी बाई आहे, तिला कोणी खोली देत नाही. सहा घरं बघून झाली होती. कुठे "सोसायटीचा नियम आहे" म्हणाले, तर एका ठिकाणी "आफ्रिकन नको" असं तिच्या तोंडावरच सांगितलं होतं.

ती खोली बघायला आली तेव्हा मला वाटलं, पाणी किती वाजता येतं ते विचारेल. तिनं इंग्रजीत विचारलं, "मागचं दार कुठे उघडतं?" मी दाखवलं. विहिरीच्या बाजूनं एक चिंचोळी वाट मोठ्या रस्त्याला लागते. ती त्या वाटेनं एकटी चालत रस्त्यापर्यंत गेली, परत आली आणि म्हणाली, "चालेल."

वय अडतीस. बारीक चण, जाड चष्मा, केस अगदी बारीक कापलेले. टांझानियातल्या, मोठ्या सरोवराकाठच्या एका गावातली. आवाज इतका खाली की समोरच्याला पुढे वाकावं लागायचं. नाव सांगून म्हणाली, "नीमा म्हणजे आमच्या स्वाहिलीत कृपा. ग्रेस."

"अगं, मी ग्रेसी!" मी म्हणाले.

"म्हणजे आपलं दोघींचं एकच नाव," ती म्हणाली आणि पहिल्यांदा हसली.

तिच्या दोन बॅगांपैकी एकीत कपडे होते आणि दुसरीत, जी मला एकटीला उचलता आली नाही, पुस्तकं. सगळी आफ्रिकेतल्या बायकांनी लिहिलेली. नायजेरिया, सेनेगल, घाना, झिंबाब्वे, केनिया. त्यांच्यावरच ती प्रबंध लिहिणार होती. पुस्तकं तिनं पलंगाच्या डोक्याशी भिंतीला लावून रचली आणि मला ओळख करून दिल्यासारखी म्हणाली, "या माझ्या मोठ्या बहिणी. मला भीती वाटली की मी यातली एक उचलते. हिला पण वाटली होती, तरी हिनं लिहिलं, असं म्हणते आणि पुढचं पान वाचते."

एक पुस्तक तिनं मला वाचायला दिलं. खरं सांगते, मला वाटलं होतं जंगल असेल, दुष्काळ असेल, ढोल असतील. पुस्तकात सासू होती, शाळेची फी होती, मुलगा होत नाही म्हणून नवऱ्यानं आणलेली दुसरी बायको होती, आणि इंग्रजी शिकून घरी आलेली पोर होती, जिला आता आईची भाषा बोलायची लाज वाटते. मी सबंध रविवार त्यात घालवला. पुस्तक परत देताना मी म्हटलं, "हे तर आमच्या बोळातलं आहे."

"आमच्या पण," ती म्हणाली.

बोळातली पोरं तिला विचारायची, "तू आफ्रिकेची ना?" ती गंभीर चेहऱ्यानं उलट विचारायची, "तू एशियाचा ना?" पोरं गोंधळायची. मग हळूहळू ती त्यांना स्वाहिली आकडे शिकवायला लागली. मोजा, म्बिली, टाटू. मोजा म्हणजे एक. "मोजा!" ती म्हणायची आणि पोरं मराठीत मोजायला लागायची, एक, दोन, तीन, आणि ती हसून हसून पायरीवर बसायची. दोन भाषांत सारखे शब्द सापडले की तिला लहान मुलासारखा आनंद व्हायचा. किताब, कलम, वकील, दुनिया, चहा. आयला ती मासे साफ करून द्यायची. पहिल्या दिवशी आय कमरेवर हात ठेवून शेजारी उभी राहिली होती. नीमानं सुरी फिरवली, एका दमात आतडी बाहेर काढली, खवलं साफ केली. दुसऱ्या दिवसापासून जेवायला बसताना हाक दोघींना यायला लागली.

असं सगळं असूनही, ती कधी निवांत बसलेली मी पाहिली नाही. जेवताना पाठ भिंतीकडे आणि तोंड दाराकडे. बोळात कोणाची पावलं थांबली की घास हातातच. फोन वाजला की आधी नुसता बघायची, वाजून बंद होऊ द्यायची, मग आकडा तपासायची.

आणि लिहायची. रोज पहाटे, कॉलेजला जायच्या आधी. शाळेतल्या मुलांच्या शंभर पानी वह्यांत, पेन्सिलीनं, स्वाहिलीत. एक कथा पूर्ण झाली की दुसऱ्या वहीत ती जशीच्या तशी उतरवून काढायची. दुसरी वही माझ्याकडे द्यायची. "तुझ्या शाळेच्या कपाटात ठेव. घरात नको."

"फोटो काढून ठेव ना फोनमध्ये," मी म्हटलं.

"तेही केलंय. तरी ठेव."

कारण तिनं सांगितलं ते बऱ्याच दिवसांनी, कांदे चिरताना, मान वर न करता. तिचा नवरा गावातल्या शाळेत मास्तर होता. तापानं चार दिवसांत गेला. चाळिसावा दिवस उलटायच्या आत धाकटा दीर आला आणि नवऱ्याच्या खुर्चीत बसला. घर भावाचं, म्हणजे आता माझं, आणि वहिनीही माझ्याकडे राहील, असं त्यानं नातेवाइकांना सांगितलं. कोणाला त्यात वावगं वाटलं नाही. नीमाला वाटलं. पण बोलायची हिंमत नव्हती, म्हणून ती रोज वहीत लिहायची. तो काय म्हणाला, कुठे उभा राहिला, कोणत्या दाराला हात लावला. एक दिवस ती वही त्याला सापडली. त्यानं अंगणात सगळ्यांना बोलावलं, खुर्ची मांडली आणि वही मोठ्यानं वाचली. मधे मधे थांबून हसायचा. लोकही हसले. वाचून झाल्यावर एकेक पान फाडून चुलीत घातलं आणि तिला म्हणाला, "चहा ठेव. जाळ चांगला लागलाय."

"मग?"

"ठेवला चहा," नीमा म्हणाली. "सगळ्यांना दिला. मी घाबरले होते, ग्रेसी. मी आत्ताही घाबरते. लोकांना वाटतं लिहिणाऱ्या बायका धीट असतात. मी धीट असते तर तेव्हाच बोलले असते. लिहायची वेळ आली नसती."

त्यानंतर सहा महिन्यांनी लेकीला घेऊन ती आईकडे निघून गेली. लेक इमानी, बारा वर्षांची. आजीजवळ तिला ठेवून, शिष्यवृत्ती मिळाली तशी नीमा इकडे आली. आपल्या इमानातलंच ते नाव, असं ती आयला सांगायची. रोज चार वाजता इमानी शाळेतून घरी पोचली की फोन करायची. त्या फोनसाठी नीमा दिवसाचे सगळे तास मागे-पुढे करायची.

पुढे जे झालं त्याची सुरुवात माझ्याच उत्साहानं झाली. चर्चच्या हॉलमध्ये आमचा बायकांचा गट महिन्यातून एकदा जमतो. सगळ्या जातीधर्माच्या येतात. शिवण, आजारपणाच्या गप्पा, कधी एखादं व्याख्यान. मी नीमाला म्हटलं, तुझी कथा वाच, मी मराठीत सांगते. ती चार दिवस नाही म्हणत होती. पाचव्या दिवशी म्हणाली, "दार उघडं ठेवाल ना हॉलचं?"

वाचताना तिच्या हातातला कागद इतका थरथरत होता की त्याचा आवाज माइकमधून येत होता. ती स्वाहिलीत एक परिच्छेद वाचायची, आणि तिनं आधी इंग्रजीत समजावून दिलेला त्याचा अर्थ मी मराठीत सांगायची. चुलीत जाणाऱ्या वहीची कथा. संपल्यावर कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मागच्या रांगेतून सावंतकाकी उठल्या. समोरच्या चाळीत राहतात, मूळ मालवणकडच्या, कोणाशी फारसं न बोलणाऱ्या. त्या म्हणाल्या, "माझ्या वहिनीचा असाच झाला. भाऊस गेलो आणि चुलत्यांनी तिका घरातून भायर काढली. घराचो कागद तिच्याच ट्रंकेत होतो, तोसुद्धा काढून घेतल्यानी. आम्ही सगळी थय होतव." थोडं थांबून म्हणाल्या, "मी पण होतंय." आणि बसल्या.

नीमानं मला विचारलं, काय म्हणाल्या? मी सांगितलं. ती उठून मागच्या रांगेत जाऊन सावंतकाकींच्या शेजारी बसली. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती. बैठक संपेपर्यंत तशाच बसून होत्या.

मला इतका अभिमान वाटला की घरी येऊन मी तिचा वाचतानाचा फोटो फेसबुकवर टाकला. तिचं नाव, कथा कशाबद्दल आहे, सगळं लिहिलं. तिला विचारलं नाही. चौथ्या दिवशी ती माझ्या शाळेच्या गेटवर उभी दिसली. कधी यायची नाही. चेहरा राखेसारखा. तिनं फोन माझ्या कानाला लावला. एका पुरुषाचा रेकॉर्ड केलेला आवाज होता, शांत, गोड म्हणावा असा. मला एक शब्द कळला नाही. तिनं अर्थ सांगितला.

"वहिनी, तुझा फोटो पाहिला. तब्येत सुधारलीय. इमानी मोठी झाली आता. तिची शाळेची वाट फार लांब आहे, मधे मक्याची शेतं आहेत. तू काळजी करू नकोस. मी लक्ष ठेवून आहे."

मी फोटो तिथल्या तिथे काढून टाकला. मी सॉरी, सॉरी म्हणत होते. ती म्हणाली, "तुला माहीत नव्हतं." मग म्हणाली, "पण आता विचारत जा."

त्यानंतर तीन आठवडे आमच्या घरात चार वाजले की कोणी बोलायचं नाही. मी शाळेत असले तर तिचा एक मेसेज यायचा, 'आली.' तो आला की मी वर्गात श्वास सोडायची. एक दिवस साडेचार झाले, पाच झाले, मेसेज नाही. मी फोन केला तर उचलेना. घरी पळत आले. नीमा स्वयंपाकघरात जमिनीवर बसली होती, फोन समोर ठेवलेला, आणि आय तिच्या पाठीवरून हात फिरवत होती. सव्वापाचला फोन वाजला. गावातली वीज गेली होती, फोन चार्ज नव्हता, बाकी काही नाही. इमानी पलीकडून काहीतरी सांगत हसत होती. नीमानं एका हातानं स्वतःचं तोंड घट्ट दाबून धरलं होतं आणि लेकीला नुसतं "हं, हं" म्हणत होती.

त्याच सुमारास आमच्याकडे दुसरीच हवा सुटली होती. फोनवर एक व्हिडिओ फिरत होता. पोरं पळवणारी टोळी आलीय, परदेशी बायका आहेत, काळे कपडे घालतात, बिस्किट देतात. कुठला व्हिडिओ, कधीचा, कोणाला पत्ता नाही. पण बोळात आयांनी पोरांना हाका मारून घरात घ्यायला सुरुवात केली. 'मोजा' म्हणत येणारी पोरं येईनाशी झाली. नीमाचा काळा ओव्हरकोटासारखा झगा होता, तो तिनं बॅगेत खाली ठेवून दिला.

एका गुरुवारी मी साडेपाचला रिक्षातून उतरले. हातात डब्याची पिशवी आणि तपासायच्या वह्या. बोळात शिरले आणि आधी जाणवलं ते हे, की चक्की बंद आहे. त्या वेळेला ती कधीच बंद नसते. चक्कीवाला बाहेर येऊन उभा होता. पुढे आमच्या दारासमोर तीस-चाळीस माणसं. बोळ इतका अरुंद की पाठीच पाठी दिसत होत्या.

"बाहेर काढा तिला!"

"काल बिस्किट दिलं ना तिनं परीला? माझ्या बायकोनं बघितलं!"

परी समोरच्या माळ्यावरची चार वर्षांची मुलगी. दुपारपासून सापडत नव्हती. तिची आई एका पायरीवर बसून किंचाळत होती. कोणीतरी आमच्या दारावर लाथ मारली. कडी टिकून राहिली. मग काच फुटल्याचा आवाज आला.

त्या गर्दीतले निम्मे मला ओळखीचे. दोघं तर माझ्या हाताखाली शिकलेले, आता मिशा फुटलेले. त्यातल्या एकानं मला पाहिलं. अगदी अदबीनं म्हणाला, "टीचर, तुम्ही लांब राहा. लागेल."

मी लांब राहिले.

मला पुढे जाता आलं असतं. माझं घर होतं ते, आत माझी आई होती. वर्गात चाळीस पोरं गप्प करणारी मी. पण माझे पाय चक्कीच्या भिंतीपाशी रुतले. पिशवी छातीशी धरून मी उभी राहिले. किती वेळ, ते आजही सांगता येत नाही.

आत काय चाललं होतं ते आयनं नंतर सांगितलं. नीमानं तिला खुर्चीत बसवलं, बीपीची गोळी दिली, आणि मागच्या दारानं जायला सांगितलं. आय म्हणाली, "मी कशाला जाऊ? माझं घर हाय. तू जा." नीमा मागच्या दारापर्यंत गेली. कडी काढली. उभी राहिली. आणि परत लावून आयच्या शेजारी येऊन बसली. मी नंतर विचारलं, का नाही गेलीस? तर म्हणाली, "पळणाऱ्या माणसामागे सगळे पळतात. आणि आय एकटी राहिली असती." मग खरं काय ते सांगितलं, "माझे पाय चालेनात, ग्रेसी."

बाहेर गर्दी कोणीतरी मागून ढकलल्यासारखी हलली. सावंतकाकी. पासष्टीची बाई, लुगड्याचा ओचा खोचलेला, दोन्ही कोपरांनी वाट काढत आमच्या पायरीवर चढल्या आणि दाराला पाठ लावून उभ्या राहिल्या.

"मेल्यांनो, चेडू हरावला तर चेडवाक शोधा! हय बायलमाणसाच्या दारात काय ठेवलाहा तुमचा?"

"काकी, बाजूला व्हा. तुम्हाला माहीत नाही."

"माका सगळा म्हायती आसा. ह्याच्या आधी एकदा मी गप उभी रवललय. आता रवायचंय नाय." आवाज चिरकला होता. "कोण पुढे येता तो येवा. आधी माझ्यावर हात टाका."

कोणी पुढे आलं नाही, कोणी मागेही गेलं नाही. तसेच उभे. तेवढ्यात क्रूसाच्या बाजूनं चर्चचा झाडूवाला परीला कडेवर घेऊन धावत आला. हॉलमध्ये रचून ठेवलेल्या सतरंज्यांच्या मागे ती झोपली होती. खेळताना शिरली आणि डोळा लागला. गालावर सतरंजीचे वळ उठलेले, आणि इतकी माणसं बघून रडायला लागली.

पाच मिनिटांत बोळ रिकामा झाला. एक जण जाता जाता फुटलेल्या खिडकीतून म्हणाला, "सॉरी हां मॅडम. आजकाल काय सांगता येत नाय." चक्की परत सुरू झाली.

मी घरात गेले. नीमा काचा गोळा करत होती. मान वर करून तिनं विचारलं, "आत्ता आलीस?"

"हो," मी म्हणाले. "शाळेत उशीर झाला."

ती सुपलीत काचा भरत राहिली.

त्या गुरुवारानंतर तीन दिवस ती खोलीबाहेर आली नाही. आय ताट आत नेऊन द्यायची. चौथ्या दिवशी तिनं वही आणली. या वेळी इंग्रजीत लिहिलं होतं. "हे इथलं आहे," ती म्हणाली. "आधी मराठीत झालं पाहिजे. तू करशील?"

मी शनिवारी दुपारी करायला बसले. बोळ होता, पाठी होत्या, लाथा होत्या, खुर्चीतली म्हातारी होती, पायरीवर चढलेली बाई होती. आणि तिसऱ्या पानावर हे होतं, 'फुटलेल्या काचेतून मला चक्कीच्या भिंतीपाशी एक बाई दिसली. तिच्या हातात डब्याची पिशवी होती. ती पिशवी तिनं बाळासारखी छातीशी धरली होती. मी तिच्याकडे बघत होते. तिनं माझ्याकडे बघितलं नाही.'

मी पेन खाली ठेवलं. दारात नीमा उभी होती.

"ते वाक्य काढू का?" तिनं विचारलं.

मला रडू यायला हवं होतं, ते आलं नाही. मी म्हणाले, "मी खोटं बोलले तुझ्याशी."

"मला माहीत आहे. तिला मी वाईट म्हटलेलं नाही, बघ. ती घाबरली होती एवढंच लिहिलंय. मी चहा ठेवला होता ना, तशीच ती उभी राहिली." ती माझ्या शेजारी बसली. "सांग. काढू?"

"राहू दे," मी म्हणाले.

ती कथा आमच्या गटात मी वाचली. मीच. त्या तिसऱ्या पानावर माझा आवाज गेला, पण वाचली. परीची आई आली होती. शेवटपर्यंत बसली आणि निघून गेली. दुसऱ्या दिवशी तिनं परीला आमच्या दाराशी आणून सोडलं आणि स्वतः कोपऱ्यावर उभी राहिली. परीनं दार वाजवून विचारलं, "मोजा आहे का?" ती नीमाला त्याच नावानं हाक मारायची.

चुलीतल्या वहीची कथा नीमाच्या देशातल्या एका मासिकाला हवी होती. टोपणनाव घेतलं तरी चालेल, असं त्यांनी कळवलं होतं. मी, आय, प्राध्यापिका, सगळ्यांनी तिला तेच सांगितलं. टोपणनाव घे, लेक तिकडे आहे. पुढच्या महिनाभरात नीमानं फोनवरून एकेक गोष्ट केली. कॉलेजातल्या जुन्या मैत्रिणीला गाठलं, ती दूरच्या शहरात वकील होती. आई आणि इमानी लग्नाला जातोय असं गावात सांगून बसमध्ये बसल्या. ते दोन दिवस नीमा पाण्याव्यतिरिक्त काही घेईना. मैत्रिणीच्या घरात दोघी पोचल्याचा फोन आला तेव्हा तिनं आयच्या मांडीवर डोकं ठेवलं आणि भर दुपारी तिथेच झोपली.

उठल्यावर तिनं कथा पाठवली. खाली पूर्ण नाव, नवऱ्याच्या आडनावासकट.

"आता तरी भीती गेली का?" मी विचारलं.

"नाही. वाढली," ती म्हणाली. "पण तो मेसेज त्यानं का पाठवला, याचा मी विचार केला. मी बोलले, आणि तो घाबरला, म्हणून. मी गप्प बसून कोणाला वाचवणार होते? इमानी तर त्याच वाटेनं रोज शाळेत जात होती."

पदवी घेऊन ती परत गेली. जाताना "ये" म्हणाली, आम्ही "नीट जा" म्हणालो, असल्या वेळी बोलतात तेच. आय विमानतळावर आली नाही. खोलीतली चादर मात्र तिनं मला पुढचे दोन महिने बदलू दिली नाही. नीमानं मैत्रिणीच्या मदतीनं घरासाठी दिरावर दावा लावला. तो चालला वर्षभर. घर तिचं आणि इमानीचं, असा निकाल लागला. दीर वरच्या कोर्टात गेला आहे. ती त्या घरात अजून राहायला गेलेली नाही. राहील की नाही, सांगत नाही. कथांचं पुस्तक मात्र होतंय, आणि चक्कीजवळची बाई त्यात आहे.

पण नीमा म्हटलं की मला आठवतो तो इमानीनं पाठवलेला एक व्हिडिओ. दाव्याच्या पहिल्या तारखेच्या दिवशीचा, रस्त्याच्या पलीकडून काढलेला, अर्ध्या मिनिटाचाही नाही. कोर्टाची बसकी इमारत, समोर लाल माती, बाहेर सायकली. नीमा पायऱ्यांच्या खाली एकटी उभी आहे. एक गाडी येते. टाय लावलेला एक माणूस, तिचा दीर, उतरतो, मागे आणखी चौघं. तो तिच्याकडे बघून मान लववतो, अगदी सभ्यपणे. नीमा भिंतीला चिकटून त्यांना वाट देते. ते वर जातात. ती तशीच. मग खाली वाकते आणि सँडलचा पट्टा लावायला लागते. एका पायाचा लावते. दुसऱ्या पायाचा लावते. पुन्हा पहिल्याचा सोडून लावते. पोरगी कॅमेऱ्यामागून हळूच काहीतरी म्हणते, बहुधा "मामा", म्हणजे त्यांच्या भाषेत आई. नीमा सरळ होते. कठड्याला एक हात धरून पहिली पायरी चढते. थांबते. दुसरी चढते. तिसरीवर पोचते तेव्हा तिचे गुडघे लटपटताना स्पष्ट दिसतात, आणि तशीच, लटपटत, ती दारातून आत जाते.